चंद्रविद्येची दोन गुरुकुले

हेक्ला पर्वताच्या उतारावर, वर्षातला सर्वांत मोठा दिवस जवळ आला की, एक आइसलँडिक स्त्री वनस्पती खुडते, घरी आणून मंत्र पुटपुटत त्या शिजवते, बकरीच्या कातड्याच्या चिमुकल्या पिशव्यांत भरते आणि बंदरावर जहाजांच्या कप्तानांना विकते. एके दिवशी तिचा मुलगा, आत काय असेल या अनावर कुतूहलापोटी, विकली गेलेली एक पिशवी कापून पाहतो. पाचोळ्यासारख्या वनस्पती आणि चिन्हे भरलेले कापडाचे तुकडे खाली सांडतात. हातचे पैसे जाणार म्हणून संतापलेली आई मग पिशवीच्या बदल्यात मुलालाच कप्तानाच्या हवाली करते. खगोलशास्त्रज्ञ योहानेस केप्लरच्या ‘सोम्नियम’ या छोट्याशा लॅटिन स्वप्नकथेतला हा प्रसंग जेमतेम चार-पाच वाक्यांचा. पण आपण जरा थांबून तो न्याहाळला, तर साऱ्या कथेचे बीज त्यातच सापडते. बंद वस्तू उघडून पाहण्याची ओढ हा इथे अपराध आहे, आणि त्या अपराधाची शिक्षा म्हणून मुलाच्या वाट्याला येते ती विद्या!

मुलाचे नाव दुराकोटस, आईचे फिओल्क्सहिल्डे. समुद्र लागून बेजार झालेल्या या चौदा वर्षांच्या पोराला कप्तान तेव्हा डेन्मार्कच्या असलेल्या ह्वेन बेटावर उतरवतो, आणि तिथे त्याला भेटतो टायको ब्राहे. हे बेट, तो विद्वान आणि 1576 पासून तिथे उभी राहिलेली त्याची ‘उरानीबोर्ग’ वेधशाळा, सारे इतिहासातले खरे. केप्लर स्वतः मात्र टायकोला भेटला तो 1600 साली, प्रागजवळ. तोवर ह्वेनचे वैभव मागे पडले होते. म्हणून कथेतले हे विद्यालय आठवणीतून उतरलेले नाही, एका शिष्याने उत्कट इच्छेतून रचलेले आहे. तिथे रात्र हीच शाळेची वेळ. गुरू आणि शिष्य अद्भुत यंत्रे रोखून रात्रभर चंद्राचे नि ताऱ्यांचे वेध घेतात. आणि हे पाहताना त्या परक्या मुलाला काय आठवावे? आपली आई; कारण तीही सतत चंद्राशी बोलत असे. या एका वाक्यापाशी रेंगाळावेसे वाटते. पितळी वर्तुळांवर अंश मोजणारे पंडित आणि चंद्राकडे पाहून पुटपुटणारी अशिक्षित बाई यांच्यामध्ये जगाने उभारलेली भिंत त्या मुलाच्या मनात मुळी नाहीच. चंद्राकडे टक लावून पाहणारी सारी माणसे त्याला एकाच कुळातली वाटतात.

काही वर्षांनी तो घरी परततो, तेव्हा पश्चात्तापाने पोळलेली आई त्याच्या तोंडून आकाशाचे वर्णन ऐकून हरखते आणि म्हणते, आता मला मरण आले तरी चालेल, माझी विद्या पुढे नेणारा मुलगा मला मिळाला. दुसरे गुरुकुल इथे उघडते. एका चौरस्त्यावर जाऊन ती आपल्या शिक्षक-भूताला साद घालते. मायलेक वस्त्राने डोकी झाकून शेजारी बसतात आणि अंधारातून एक घोगरा आवाज चंद्रलोकाचा पाठ देऊ लागतो. त्या भूताला बोलावणारी अक्षरे असतात एकवीस. केप्लर टीपेत हळूच डोळे मिचकावतो: लॅटिनमध्ये ‘कोपर्निकसचे खगोलशास्त्र’ लिहिले की बरोबर एकवीस अक्षरे भरतात. मंत्राच्या पोटात असा सिद्धांत दडवून ठेवणाऱ्या लेखकाचा मिस्कीलपणा आपण मनमुराद चाखावा.

मग येतो प्रवास. चंद्राचे नाव लेव्हानिया, अंतर 50,000 जर्मन मैल, आणि वाट खुली होते ती ग्रहणातच; कारण प्रकाशाला भिणारी ही भुते पृथ्वीच्या सावलीतूनच ये-जा करतात आणि सगळी मजल फार तर चार तासांत मारावी लागते. प्रवाशांची निवड तर केवळ लाजवाब. लठ्ठ, सुखासीन, नाजूक माणसे नकोत. जर्मन तर मुळीच नकोत, असे हा जर्मन लेखक लिहितो! सर्वांत उत्तम त्या वाळक्या म्हाताऱ्या, ज्यांना लहानपणापासून रात्री बोकडावर बसून भटकायची सवय आहे. हसता हसता आपण पुढच्या ओळीवर येतो आणि हसू विस्मयात विरघळते. उड्डाणाचा पहिला धक्का तोफेच्या दारूने उडवल्यासारखा, म्हणून प्रवाशाला आधी गुंगीचे औषध द्यायचे. धड एकीकडे आणि डोके दुसरीकडे जाऊ नये, म्हणून हातपाय नीट जुळवून ठेवायचे. वर हवा विरळ, म्हणून नाकाशी ओले स्पंज धरायचे. आणि बरेच अंतर गेल्यावर ढकलण्याची गरजच उरत नाही, शरीर आपसूक पुढे जात राहते. चेटकिणीच्या बोकडावरून निघालेली कल्पना अशी गतीच्या नियमांच्या उंबरठ्यापर्यंत येऊन पोचते, आणि वाचकाला मधला सांधा कुठे जाणवतही नाही.

पण कथेचा परमानंद आहे तो लेव्हानियाच्या आकाशात. तिथला दिवस आपल्या सुमारे चौदा दिवसांचा, रात्रही तेवढीच. एका गोलार्धावर आपली पृथ्वी कायमची टांगलेली दिसते, जणू कुणी खिळ्याने ठोकून बसवली आहे. तिथले लोक तिला ‘व्होल्वा’ म्हणतात, तिच्या कला पाहतात आणि तिच्यावरचे डाग सरकतात त्यावरून वेळ सांगतात. दुसऱ्या गोलार्धाच्या नशिबी ती कधीच नाही. तिथल्या दीर्घ रात्री काळ्याकुट्ट आणि हाडे गोठवणाऱ्या. आपण चंद्रावर ससा पाहतो. लेव्हानियाच्या नजरेला पृथ्वीवर काय दिसते? आफ्रिकेच्या जागी खांद्यापासून तुटलेले एक मस्तक, त्याचे चुंबन घ्यायला झुकलेली लांब झग्यातली मुलगी म्हणजे युरोप, आणि मागे पसरलेल्या तिच्या हाताकडे झेपावणारे मांजर म्हणजे स्कँडिनेव्हिया. युद्धे, राज्ये, धर्मपीठे, सारे काही त्या एका चुंबनाच्या चित्रात मावून जाते. आणि या खेळकर चित्रामागे एक गंभीर युक्तिवाद उभा आहे: लेव्हानियाच्या रहिवाशांनाही वाटते की आपण स्थिर आहोत आणि बाकीचे सारे आपल्याभोवती फिरते. त्यांच्या भ्रमावर आपण सुज्ञपणे स्मित करतो, आणि त्याच क्षणी आपल्या पायाखालची जमीन फिरू लागते. 1593 साली ट्युबिंगेनमध्ये शिकत असताना, चंद्रावरून आकाश कसे दिसेल या विषयावर केप्लरने जो प्रबंध लिहिला होता, त्याचे सार्थक या एका स्मितात झाले आहे.

या कथेची जोड-संहिता म्हणजे तिच्या 223 टीपा. मूळ कथेहून त्यांचा विस्तार मोठा. 1620 ते 1630 या दशकात त्या लिहिल्या गेल्या, आणि त्या तशा का लिहाव्या लागल्या हे कळले की रसात करुणेची छटा मिसळते. 1611 मध्ये हस्तलिखिताची एक प्रत प्रागबाहेर गेली, हातोहाती फिरली. पुढे 1615 साली केप्लरच्या खऱ्या आईवर, काथारिनावर, चेटूक केल्याचा आरोप आला. 1620 मध्ये तिला अटक झाली आणि वृद्ध वयात चौदा महिने ती कोठडीत राहिली. मुलाने स्वतः तिचा बचाव लढवला. 1621 मध्ये ती सुटली आणि पुढच्याच वर्षी वारली. आपल्या कथेतल्या वनस्पती विकणाऱ्या, भुताशी बोलणाऱ्या आईने या कुजबुजीला खतपाणी घातले, ही बोच केप्लरला कायमची लागून राहिली. अशा वेळी दुसऱ्या कुणी ते पात्रच खोडून टाकले असते. चंद्रावर पोचवायला एखादा निरुपद्रवी देवदूत सहज मिळाला असता. केप्लरने तसे केले नाही. प्रत्येक मंत्रामागचे गणित त्याने टीपांतून उलगडून दाखवले, पण फिओल्क्सहिल्डे जागची हलली नाही. 1630 मध्ये तो गेला आणि 1634 साली त्याच्या मुलाने, लुडविगने, हे पुस्तक जगापुढे आणले. ह्वेनच्या वेधशाळेने दुराकोटसला चंद्र मोजायला शिकवला. पण तिथून पृथ्वी पाहायला नेणारी गुरू त्याची आईच राहिली, आणि केप्लरने हे ऋण भर न्यायालयाच्या सावलीतही नाकारले नाही.