पर्जन्याचे ग्रंथ आणि मराठी वाचक

मृग नक्षत्राच्या तोंडावर नेवाशास असता एका शेतकरी गृहस्थांनी मला विचारले, “सर, आपण एवढे वाचलेले. पश्चिमेकडून आभाळ भरून येते आणि ढग आमच्या डोक्यावरून कोरडेच निघून जातात. असे का होते, हे सांगणारे एखादे मराठी पुस्तक द्या.” आदल्या वर्षी त्यांची पहिली पेरणी वाया गेली होती आणि दुबार पेरणीचे बियाणे त्यांनी उधारीवर आणले होते. तेव्हा प्रश्न केवळ जिज्ञासेचा नव्हता. घरी येऊन मी कपाटातून चार ग्रंथ काढले आणि एकेक करून चारही परत ठेवले. ते का, याचा खुलासा वाचकांपुढे मांडावा एवढाच या लेखाचा हेतू आहे.

पहिले पुस्तक ‘सहदेव-भाडळी’. बाजाराच्या दिवशी पथारीवर मिळणाऱ्या या चोपडीस सुशिक्षितांनी नाके मुरडावीत, हे मला मान्य नाही. ढगांचा रंग, वाऱ्याची दिशा, मुंग्यांची लगबग यांवर पिढ्यान्‌पिढ्या ठेवलेली नजर तीत आहे, आणि निरक्षरासही पाठ व्हावी अशी तिची रचना आहे. परंतु तिचे दोन दोष मोठे आहेत. एक म्हणजे तिला स्थळ नाही. भाडळीची वचने गुजरात-राजस्थानातही फिरतात, आणि जे वचन तेथे तेच येथे. वस्तुतः आमच्या एका प्रवरेच्या काठीच दोन हवामाने नांदतात. ती अकोले तालुक्यात रतनगडाच्या परिसरात उगम पावते, तेथे वर्षास काही हजार मिलिमीटर पाऊस पडतो. तीच नेवाशावरून टोक्याजवळ गोदावरीस मिळते, तेथे तो पाचशेच्या आसपास. दोहोंस एकच वचन कसे लागू पडावे? दुसरा दोष काळाचा. आमचे सूर्यनक्षत्र निरयन गणनेचे असल्यामुळे ते ऋतूंच्या मानाने सुमारे ७१ वर्षांस एक दिवस पुढे सरकते. आज मृग ७-८ जूनच्या सुमारास लागते. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० मध्ये, येथेच ज्ञानेश्वरी सांगितली गेली तेव्हा ते ऋतुमानाने दहा दिवस अगोदर लागत असे. नक्षत्र सरकले, वचन मात्र जागचे हलले नाही.

दुसरा ग्रंथ वराहमिहिराची ‘बृहत्संहिता’, सहाव्या शतकातील. मेघाचा गर्भ राहतो आणि १९५ दिवसांनी तो प्रसवतो, हा त्यातील सिद्धांत वाचून आज हसू येईल. पण हसण्याची घाई करू नये. हातभर रुंदीचे पात्र ठेवून पाऊस मोजावा, असे हा ग्रंथ सांगतो. रात्रंदिवस आकाशाकडे लक्ष ठेवणाऱ्याचेच भाकीत खरे ठरते, असेही बजावतो. कौटिल्याचे ‘अर्थशास्त्र’ तर कोठारापुढे पर्जन्यमापक पात्र मांडावयास लावते, आणि अश्मक देशास अवंतीहून कमी पाऊस, अपरान्तास व हिमप्रदेशास अमर्याद, असा प्रांतवार हिशेबही देते. गोदेच्या खोऱ्यातील अश्मकाची ही तूट आमच्या ओळखीची आहे. मग उणे काय? उणे हे की भाकीत चुकले तर दोष पाहणाऱ्याच्या अनवधानावर जातो. नियम निर्दोषच राहतो. किती वेळा खरे ठरले आणि किती वेळा खोटे, याची मोजदाद नाही. पात्रातले पाणी मोजले, नियमाचे पाणी मोजावयाचे राहिले.

तिसरे पुस्तक इंग्रजी: हेन्री ब्लॅनफर्ड यांचे भारत, सिंहलद्वीप व ब्रह्मदेशाच्या हवामानावरील १८८९ चे. १८७५ मध्ये हवामान खाते स्थापन झाले, त्याचे हे पहिले प्रमुख. हिमालयावर बर्फ अधिक पडले की पुढचा मोसमी पाऊस उणा पडतो, असे त्यांनी १८८४ मध्ये मांडले. कारण उघड आहे: पांढरे बर्फ ऊन परतवून लावते, उरलेली उष्णता ते वितळविण्यात खर्च होते, जमीन उशिरा तापते, आणि समुद्रावरील वाऱ्यास आत ओढणारी शक्ती मंदावते. या आधारे १८८६ पासून मोसमाचे अंदाज निघू लागले. पुढे हे नाते मानले तितके पक्के ठरले नाही. १९०४ मध्ये आलेल्या गिल्बर्ट वॉकर यांनी दूरच्या महासागरांवरील वायुभाराकडे दृष्टी वळविली आणि दक्षिणी आंदोलनाचा शोध लागला. माझ्या मते ब्लॅनफर्डचे मोठेपण अपुरे ठरण्यातच आहे. त्यांचे विधान खोटे ठरू शकेल अशा स्वरूपात लिहिलेले होते, म्हणूनच ते तपासता आले. तथापि हे पुस्तक त्या गृहस्थांच्या हाती देणे म्हणजे तहानलेल्यास विहिरीचा नकाशा देणे होय.

चौथे दुर्गा भागवतांचे ‘ऋतुचक्र’, १९५६ चे. बारा महिन्यांचा निसर्ग इतक्या नेमक्या मराठीत क्वचितच उतरला आहे. त्यात वायुभार शोधणे अन्यायाचे होईल. त्या ग्रंथाने ते आश्वासन दिलेलेच नाही. परंतु ज्या भाषेला पालवीच्या रंगाच्या छटा सांगता येतात, तिला ढगाची घडण सांगता येणार नाही, हे म्हणणे या एका ग्रंथाने खोटे पाडले आहे.

सह्याद्री चढताना वारा प्रसरण पावतो, थंड होतो आणि आपले पाणी घाटमाथ्यावर टाकतो. पलीकडे उतरताना तो तापतो व कोरडा होतो. ढग दिसतात, पण त्यांतले बरेचसे देणे मागेच दिलेले असते. हे एवढे सांगावयास तीन वाक्ये पुरली. मग आम्ही प्राध्यापक मंडळींनी ती आजवर का लिहिली नाहीत? ‘विषय कठीण, परिभाषा नाही’ ही सबब अन्यत्र चालेल. ज्या गावी गीतेचे तत्त्वज्ञान देशीत सांगितले गेले, तेथे ती तोंडातून काढवत नाही. मला हवा तो ग्रंथ भाडळीसारखा तोंडी बसणारा, वराहमिहिरासारखा पात्र मांडावयास लावणारा, ब्लॅनफर्डप्रमाणे स्वतःची चूक पकडू देणारा आणि दुर्गाबाईंच्या मराठीशी नाते सांगणारा असावा. आणि त्याचा आरंभ प्रवरेच्या काठी व्हावा.

त्या गृहस्थांस मी पुस्तक देऊ शकलो नाही. सरळ बाजूंचा एक डबा उघड्यावर ठेवावा, रोज सकाळी साडेआठास पाणी पट्टीने मोजून वहीत लिहावे, एवढेच सुचविले. हवामान खात्याची नोंदही त्याच वेळेस होते. त्यांनी विचारले, “आणि पाऊस नाही पडला त्या दिवशी?” मी म्हटले, “त्या दिवशी शून्य लिहावे. तेच अधिक महत्त्वाचे.”