शरणागती नसलेलं युद्ध : 'सिव्हिलायझेशन'च्या उत्तरार्धाविषयी

व्याख्यानाचा विषय व्हिडिओ गेम आहे म्हटल्यावर काही जण मुलांना घेऊन आलेले दिसतात आणि काही मुलं आई-वडिलांना घेऊन आलेली दिसतात. (हशा) दोघांचंही स्वागत. ज्यांनी हा खेळ खेळलेला नाही, त्यांना कळेल असंच बोलायचा आमचा प्रयत्न राहील.

खेळाचं नाव 'सिव्हिलायझेशन'. सिड मायर यांचा पहिला भाग १९९१ साली आला, सातवा २०२५ साली. खेळ आळीपाळीने चालतो. आपण आपल्या सगळ्या खेळ्या करायच्या, मग बाकीच्या राज्यांनी करायच्या, की एक टर्न संपला. सुरुवात इसवी सनापूर्वी ४००० मध्ये, हातात एक वसाहतकरी टोळी आणि एक गदाधारी योद्धा. शेवट रणगाडे, विमानं आणि अणुबॉम्बपर्यंत. सहाव्या भागात नेहमीच्या गतीने खेळलं तर डावाची मर्यादा ५०० टर्नची. आज आपल्याला त्यातल्या शेवटच्या तिसऱ्या हिश्श्याबद्दल बोलायचं आहे, आणि त्यातही फक्त युद्धाबद्दल.

कारण असं की, या खेळाचे सर्वांत निष्ठावान खेळाडूसुद्धा डाव शेवटपर्यंत नेत नाहीत. ही गोष्ट निर्मात्यांनीच सातव्या भागाच्या वेळी उघडपणे मान्य केली. पहिले १०० टर्न रात्री झोपू देत नाहीत, आणि शेवटचे १०० टर्न खेळताना झोप येते. असं का व्हावं?

आधी बुद्धिबळाकडे बघू. बुद्धिबळात डाव पुढे जातो तशी पटावरची मोहरी कमी होतात. सुरुवातीला ३२, अखेरीला दोन राजे, एखादा हत्ती, चार प्यादी. मोहरी कमी, म्हणून प्रत्येक खेळीचं वजन जास्त. 'सिव्हिलायझेशन'मध्ये नेमकं उलट होतं. सुरुवातीला तीन तुकड्या असतात. एक भालाईत कुठे उभा करायचा यावर राज्य टिकतं की जातं ते ठरतं. ३००व्या टर्नला ४० तुकड्या असतात, आणि त्यातली एक चुकीच्या घरात गेली तरी काही बिघडत नाही. म्हणजे निर्णय कमी झाले आणि हमाली वाढली. उत्तरार्धातल्या युद्धाचं दुखणं थोडक्यात हे आहे. ते अवघड आहे अशी तक्रार नाही. ते अवघड नसूनही खूप वेळ खातं, अशी तक्रार आहे.

आता निर्मात्यांनी यावर काय उपाय केले ते बघा. चौथा भाग २००५ चा, मुख्य रचनाकार सोरेन जॉन्सन. त्यात एका घरात हव्या तितक्या तुकड्या ठेवता येत. मग खेळाडू काय करायचे? सगळं सैन्य एकावर एक रचून एकच चळत करायचे आणि ती शत्रूच्या शहराशेजारी नेऊन ठेवायचे. खेळाडूंनी तिला नावच दिलं होतं, 'स्टॅक ऑफ डूम', प्रलयाची चळत. तिला तोड म्हणून वेढ्याची यंत्रं आणि तोफा होत्या. त्या एका हल्ल्यात चळतीतल्या अनेकांना जखमी करायच्या, आणि त्या हल्ल्यात स्वतः बहुधा मरायच्या. हे काही सुंदर युद्ध नव्हतं. पण चळत हलवायला एक क्लिक पुरायची, हेही खरं.

पाचवा भाग २०१० चा, रचनाकार जॉन शाफर. त्यांनी चौकोनी घरं काढून षटकोनी घरं आणली आणि नियम केला, एका घरात एकच लढाऊ तुकडी. प्रेरणा 'पँझर जनरल' या १९९४ च्या युद्धखेळाची. सुरुवातीच्या लढाया या नियमाने फार देखण्या झाल्या. टेकडीवर धनुर्धारी, पुढे भालाईत, नदीपलीकडे शत्रू. एकदम बुद्धिबळ! पण 'पँझर जनरल'चा नकाशा लढाईच्या मापाने काढलेला होता. इथे अख्खं जग त्या नकाशावर बसवायचं होतं, आणि दोन शहरांमध्ये मोकळी घरं चार-पाच. उत्तरार्धात तिथे ४० तुकड्या आल्या की बाजाराच्या दिवशीच्या एकेरी रस्त्यासारखी अवस्था होते. तोफ पुढे न्यायची तर आधी पायदळ मागे घ्या, ते मागे घ्यायचं तर जखमी रणगाडा बाजूला काढा. काही वर्षांनी शाफर यांनी स्वतःच या निर्णयाची उलटतपासणी लिहिली. त्यात त्यांनी मान्य केलं की नकाशावर गर्दी होऊ नये म्हणून तुकड्या तयार होण्याचा वेगच कमी ठेवावा लागला, आणि त्याचा भार साऱ्या खेळावर पडला. स्वतःच्या गाजलेल्या कामाबद्दल असं लिहिणारे रचनाकार थोडेच. आम्हाला त्याचं कौतुक वाटतं.

या गर्दीत सर्वांत जास्त गोंधळतो तो संगणक. माणूस निदान वैतागून का होईना वाट काढतो. संगणकाचं सैन्य एकमेकांच्या पायात येतं, तोफा भिंतीखाली येऊन मरतात. म्हणजे उत्तरार्धात आपण शत्रूशी लढतच नाही, आपल्याच गर्दीशी लढत असतो.

सहावा भाग २०१६ चा, रचनाकार एड बीच. इथे पहिल्यांदा सैन्य आटवायचा विचार दिसतो. राष्ट्रवादाचा टप्पा आला की एकाच प्रकारच्या दोन तुकड्या जोडून एक 'कोअर' करता येते, ताकद १० ने वाढते. पुढे तिसरी जोडली की 'आर्मी', तेव्हा ताकद मूळपेक्षा १७ ने जास्त. तिन्हींची बेरीज होत नाही, म्हणजे संख्येत आपण तोटा सोसतो, पण रस्ता मोकळा होतो. २०१९ च्या 'गॅदरिंग स्टॉर्म' या पुरवणीने दुसरा लगाम घातला. रणगाडे, तोफा, आधुनिक पायदळ दर टर्नला तेल पितात, आणि विमानांना अॅल्युमिनियम लागतं. साठा संपला की ताकद घटते. आम्हाला हा नियम त्या पुरवणीतला सर्वांत शहाणा नियम वाटतो. तो क्लिक वाढवत नाही, प्रश्न विचारतो : तुझ्याकडे तेलाच्या विहिरी किती, आणि तेवढ्यात किती रणगाडे पोसशील?

मग अशा युद्धाची व्यवस्था लावायची कशी? इतकी वर्षं खेळून आमच्या हाती तीन गोष्टी लागल्या.

पहिली, युद्ध कशासाठी ते मोजून घ्या. सैनिकी विजयाला सगळी पृथ्वी जिंकावी लागत नाही. प्रत्येक प्रतिस्पर्ध्याची मूळ राजधानी ताब्यात हवी, बस्स. वाटेतली १२ शहरं घेत बसलात तर तो मोह आहे, रणनीती नव्हे. शिवाय २०१८ च्या 'राइज अँड फॉल'पासून जिंकलेल्या शहराची निष्ठा टिकवावी लागते. आजूबाजूची शत्रूची शहरं तिला ओढत असतात. तिथे राज्यपाल नेमला तर दर टर्नला ८ निष्ठा मिळते, पण राज्यपाल मोजकेच असतात. म्हणून शहरं एक-एक करून घेण्यापेक्षा जवळजवळची दोन-तीन पाठोपाठ घ्यावीत, म्हणजे ती एकमेकांना सावरतात.

दुसरी, सैन्य लहान ठेवा आणि कामं वाटून द्या. पोलादाचं तंत्रज्ञान आलं की प्रत्येक शहराला आपोआप संरक्षण मिळतं, आणि जुनी दार फोडायची यंत्रं निकामी होतात. तिथून पुढे काम बॉम्बफेकी विमानांचं. ती शहरात, धावपट्टीवर किंवा विमानवाहू नौकेवर मुक्काम करतात, त्यामुळे रस्त्यावरची घरं अडवत नाहीत. पण विमान शहर घेऊ शकत नाही, आत शिरायला जमिनीवरची तुकडीच लागते. सहा विमानं, रणगाड्यांच्या दोन आर्मी, दोन तोफा आणि त्यांचा पल्ला एका घराने वाढवणारा टेहळणीचा फुगा. एका आघाडीला एवढं पुरतं. बाकीच्यांना सीमेवर झोपवून ठेवा. खेळात तसं बटणच आहे, ते वापरायला लाजू नका.

तिसरी, एका वेळी एकच आघाडी. परक्या भूमीवर लढलं की युद्धाचा शीण जास्त चढतो आणि घरची शहरं नाराज होतात. दोन आघाड्या उघडल्या की शीण वाढतो, तेल वाटलं जातं, आणि आपलं स्वतःचं लक्षही वाटलं जातं. ते सगळ्यांत आधी संपतं.

इतकं सगळं केलं तरी एक प्रश्न उरतो, आणि आमच्या आजच्या बोलण्याचा खरा मुद्दा तोच आहे. बुद्धिबळात जाणता खेळाडू मात होईपर्यंत थांबत नाही. डाव गेला हे दिसलं की तो हात पुढे करतो. जिंकणाऱ्यावर उरलेली प्यादी वेचण्याची पाळी येत नाही. 'सिव्हिलायझेशन'मधला प्रतिस्पर्धी तह मागतो, तहात एखादं शहर देऊ करतो, पण 'मी हरलो' असं म्हणत नाही. ते म्हणायची सोयच त्याच्याकडे नाही.

आणि गंमत अशी की एके काळी ती सोय होती. चौथ्या भागाला २००६ साली 'वॉरलॉर्ड्स' ही पुरवणी आली, तिने मांडलिक राज्य आणलं. शब्द आपल्या ओळखीचा आहे, इतिहासाच्या पुस्तकातला. पुरेसा मार बसला की शत्रू शरण यायचा, आपला मांडलिक व्हायचा, आपल्या युद्धात आपल्या बाजूने उतरायचा. सगळ्यांना संपवायची गरज नव्हती, उरलेले मांडलिक झाले तरी विजय मान्य व्हायचा. त्या व्यवस्थेत खोडी होत्या. आपण हरवत आणलेला शत्रू ऐन वेळी तिसऱ्याच्या पंखाखाली जायचा आणि आपण कपाळाला हात लावून बसायचो. पण युद्ध संपण्याचं एक दार तरी होतं. पाचव्या भागात एका घरात एक तुकडी आली आणि मांडलिक गेले. तुकड्यांनी उभं कसं राहायचं यावर पुढची कितीतरी वर्षं खल झाला. युद्धाने थांबायचं कसं, हा प्रश्न बाजूला पडला.

सातव्या भागाने वेगळी वाट धरली. डावाची तीन युगं केली आणि युग संपलं की बरंच काही नव्याने मांडलं जातं. सेनापती आणले. एक सेनापती सुरुवातीला चार तुकड्या पोटात घेऊन चालतो आणि रणांगणावर उतरवतो. म्हणजे चळतीची सोय आणि षटकोनी घरांची लढाई, दोन्ही. वाहतुकीचा प्रश्न इतका नीट आधी कोणी सोडवला नव्हता. युगांच्या तोडणीवर मात खेळाडूंचे दोन तट पडले. आमच्या मते, घड्याळ लावून युद्ध थांबवलं म्हणजे ते संपलं असं होत नाही.

हे एवढं लावून धरायचं कारण काय? खेळच आहे ना? तर आमचाच एक अनुभव सांगतो. सहाव्या भागातला डाव, एकच राज्य उरलेलं, समुद्रापलीकडे. आम्ही जिंकणार हे ५० टर्न आधीच ठरलेलं. विमानवाहू नौका तिथवर न्यायची, तेल जमवायचं, शहराला वेढा घालायचा, एकेक टर्न पंधरा मिनिटांचा. रात्रीचा एक वाजला होता. आम्ही अणुबॉम्ब टाकला. रणनीतीला त्याची गरज नव्हती. वेळ वाचेल म्हणून टाकला. टप्प्यातल्या तुकड्या नष्ट झाल्या, शहराचा बचाव कोसळला, एक रणगाडा आत गेला. आजूबाजूची घरं पुढचे १० टर्न विषारी राहणार होती, पण डाव त्याआधीच संपला. पडद्यावर विजयाचं चित्र आलं आणि आम्ही संगणक बंद करून झोपलो.

या खेळाबद्दल एक आख्यायिका सगळ्यांना ठाऊक असते : पहिल्या भागात आकडेमोडीच्या चुकीमुळे गांधीजी अणुबॉम्ब टाकत सुटायचे. सिड मायर यांनी २०२० च्या आपल्या आठवणींत ती चूक कधीच नव्हती असं सांगून टाकलं. पाचव्या भागात मात्र शाफर यांनी थट्टा म्हणून गांधीजींचा अण्वस्त्रांकडचा कल मुद्दाम वाढवला होता. आपण सगळे त्यावर हसतो. पण त्या रात्री बॉम्ब टाकणारे आम्ही होतो, आणि कारण द्वेष नव्हतं, भीती नव्हती, कंटाळा होता.

हा खेळ युद्धाबद्दल काहीतरी सांगतोच, त्याची इच्छा असो वा नसो. जिथे शरण जायची सोय नाही, तिथे संहार ही सर्वांत सोयीची खेळी ठरते. खेळाडू क्रूर असतो म्हणून तसं होत नाही. दुसरं दारच ठेवलेलं नसतं. म्हणून आठवा भाग येईल तेव्हा आम्ही पहिल्यांदा हे बघू की हरलेल्या राजाला हार मानता येते का. तुकड्या कशा हलतात ते नंतर.

तोवर काय करायचं? आम्ही आता एक नियम पाळतो. निकाल स्पष्ट झाला की तह करायचा, नकाशा एकदा सगळा फिरून बघायचा, आणि डाव तिथेच जपून ठेवून बंद करायचा. विजयाचं चित्र दिसत नाही. त्याची आता सवय झाली आहे.

प्रश्न असतील तर विचारा. मुलांनी आधी.