वेश हाच देह : कर्मिट लव्ह यांच्या कारकिर्दीचा विचार

दूरचित्रवाणीवरील बाहुलीनाट्याची समीक्षा बहुधा संकल्पक आणि बाहुली खेळविणारा कलावंत यांच्यापाशी थांबते. वेशकार दुय्यम ठरतो. कर्मिट लव्ह (१९१६–२००८) यांची कारकीर्द ही उतरंड तपासण्यास भाग पाडते.

लव्ह हे मूलतः रंगभूमी व बॅले यांचे वेशकार. ‘रोडिओ’ (१९४२) आणि ‘फॅन्सी फ्री’ (१९४४) या बॅलेंची वेशभूषा त्यांची. १९६९ साली सुरू झालेल्या ‘सेसमी स्ट्रीट’ या अमेरिकन बालमालिकेसाठी जिम हेन्सन यांच्या रेखाटनावरून त्यांनी आठ फूट दोन इंच उंचीचा ‘बिग बर्ड’ घडविला. याच मालिकेत हॉट डॉग विकणाऱ्या विलीची भूमिकाही त्यांनी केली.

बिग बर्डचा वेश म्हणजे केवळ आवरण नव्हे. आत उभे राहणारे कॅरल स्पिनी उजवा हात डोक्यावर धरून चोच हलवीत. डावा हात डाव्या पंखात असे. रिकामा उजवा पंख मानेखालून नेलेल्या दोऱ्याने त्यास जोडलेला असे. एक पंख खाली गेला की दुसरा वर येई. बाहेरचे दृश्य छातीवरील लहान पडद्यावर पाहावे लागे. म्हणजेच अभिनयाच्या शक्यता व मर्यादा वेशानेच निश्चित केल्या. वस्त्र आणि हालचाल यांच्या नात्याची बॅलेतील जाण येथे फलद्रूप झाली, असे म्हणता येईल.

कल्पना हेन्सन यांची, पात्राचे निरागसपण स्पिनी यांचे. हे श्रेय निर्विवाद आहे. तथापि पात्राला देह देणाऱ्यास केवळ कारागीर मानणे ही समीक्षेचीच उणीव होय.