पाडलेला बैल, उभा देह

तैयब मेहता चित्रकार म्हणून सगळ्यांना माहीत. पण १९७० मध्ये त्यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी ‘कूडल’ नावाचा प्रायोगिक लघुपट केला, हे आपल्यापैकी थोड्याच जणींना ठाऊक असेल. जेमतेम सोळा मिनिटांचा. सरळ गोष्ट अशी नाहीच. वांद्र्याच्या कत्तलखान्यातल्या बैलाची दृश्यं मात्र डोळ्यांपुढून हलत नाहीत.

तुम्ही म्हणाल, जैन बाईनं हे बघावंच कशाला? आपण हिंसा करणं, करवणं आणि तिला अनुमोदन देणं, तिन्ही दोषच मानतो. मग बघणं कशात मोडतं? बघताना मजा वाटली तर अनुमोदनात, असं मी म्हणेन. इथे मजेला जागाच नाही.

बैल म्हणजे पुरुषी ताकद. सिनेमातला नायक ती छाती काढून दाखवतो. तैयबनी ती पाय बांधून पाडलेली दाखवली. १९४७ च्या दंगलीत मुंबईच्या महंमद अली रोडवर जमावानं एका माणसाला मारलेलं त्यांनी पाहिलं होतं. पुढे त्यांच्या कॅनव्हासवर कोसळती माणसं आणि जखडलेले बैल येतच राहिले. म्हणून हा बैल मला त्यांचं आत्मचित्र वाटतो. त्यात चेहरा नाही, आतली भीती आहे. आपल्या घरांत मुलगा रडला की “मुलीसारखा काय रडतोस?” म्हणतात. तिथे पुरुषानं भीती अशी उघडी करणं मोठंच.

आपल्याला पुरुषदेहाचं आणखी एक रूप घरबसल्या ठाऊक आहे. बाड्यावरून किल्ल्याच्या उरवाई दरवाज्याकडे जा. तोमर राजांच्या काळात, पंधराव्या शतकात कोरलेले आदिनाथ तिथे पन्नास फुटांहून उंच उभे आहेत. वस्त्र नाही, शस्त्र नाही, हात नुसते खाली सोडलेले. बाबराच्या हुकुमानं इथल्या मूर्ती फोडल्या गेल्या, तरी त्या उभं राहण्यात भीती शिरली नाही. आणि आदिनाथांचं लांछन कोणतं? बैलच!

इथेच माझी तक्रार आहे. चित्रातला बैल रंगाचा असतो, फिल्ममधला खरा मेला. तो तसाही मरणारच होता, हे उत्तर मला पुरत नाही. आपलं दुःख सांगायला कलावंतानं दुसऱ्या जिवाचं मरण उसनं घेतलं, आणि ते कर्ज फिटत नाही.

तरी ‘कूडल’ पाहा. शेजारी मोठ्या मुलाला बसवा, आणि संपल्यावर तो गप्प राहिला तर राहू द्या.