श्यामच्या बेचाळीस रात्री आणि आपले घर



बदलापुरात एका सप्ताहात काल्याचे कीर्तन ऐकून बाहेर पडत होतो. आता कीर्तनाला उभा राहत नाही, ऐकायला जातो. मंडपाच्या दाराशी एक तरुण पाया पडला आणि म्हणाला, “बुवा, लेकरांना वळण लावायला एखादे पुस्तक सांगा.” मी क्षणाचाही विचार न करता म्हणालो, “श्यामची आई.” आयुष्यभर तेच उत्तर देत आलो आहे. महिन्याने तो अंबरनाथला शिवमंदिराजवळ भेटला. “वाचले बुवा. डोळ्यांत पाणी आले. पण एक विचारू? श्यामच्या आईला सहाची लोकल पकडायची नव्हती. माझी बायको पकडते. मीही पकडतो. रात्री नऊला आम्ही येतो तेव्हा पोरगी आजीजवळ झोपलेली असते. आम्ही काय करायचे?”

मला उत्तर आले नाही. घरी येऊन पुस्तक पुन्हा काढले. त्यासोबत अलीकडची पालकांसाठीची पुस्तकेही आणवून वाचली. त्या वाचनातून जे हाती आले ते वाचक माउलींपुढे ठेवतो.

आधी स्टेशनवरच्या स्टॉलवर मिळणाऱ्या पुस्तकांविषयी. ‘यशस्वी मूल’, ‘एकवीस दिवसांत बदल’ अशा धाटणीची ही पुस्तके. त्यात सांगितलेले सारेच खोटे नाही. रागावण्याआधी थांबा, जेवताना मोबाइल बाजूला ठेवा, हे बरेच आहे. पण त्यांचा पायाच मला पटला नाही. त्यांत मूल म्हणजे एक यंत्र आणि आईबाप ते चालवणारे कारागीर. हे बटण दाबले की ते फळ. घर म्हणजे कारखाना नव्हे. आपल्या अंबरनाथ-उल्हासनगरने कारखाने पुष्कळ पाहिले आहेत. माल नापास झाला की बाजूला काढतात. लेकरू बाजूला काढता येत नाही. शिवाय या पुस्तकांत सांगणारा कधी चुकलेला नसतो, आणि जो स्वतः कधी चुकला नाही त्याच्या बोलण्यावर श्रोता मान डोलावतो, पण ते त्याच्या आत उतरत नाही. पन्नास वर्षांच्या कीर्तनात मी एवढे शिकलो.

‘श्यामची आई’चे बळ नेमके इथे आहे. साने गुरुजींनी हे पुस्तक फेब्रुवारी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात, पाच दिवसांत लिहिले. १९३५ मध्ये ते प्रसिद्ध झाले. त्यात प्रकरणे नाहीत, रात्री आहेत. आश्रमातली प्रार्थना झाली की मंडळी बसतात आणि श्याम आईची एकेक आठवण सांगतो. अशा बेचाळीस रात्री. वारकऱ्याला ही मांडणी ओळखीची वाटावी. आपणही एक अभंग घेतो, प्रमाणे देतो, दृष्टांत सांगतो आणि श्रोत्यांच्या तोंडाकडे पाहत पुढे जातो. हे पुस्तक म्हणजे बेचाळीस रात्रींचा सप्ताहच. फरक एवढाच की निरूपणाला घेतलेला विषय म्हणजे आपली आई, आणि दृष्टांतातला चुकणारा माणूस म्हणजे सांगणारा स्वतः. श्याम पोहायला भितो, श्याम पैसे चोरतो, श्याम आईला नको ते बोलतो. तो आईची थोरवी सांगतो ती आपले अपराध कबूल करून. म्हणून ऐकणाऱ्याला आपलेही अपराध आठवतात. पुस्तकाने घर जोडले जाते ते अशा आठवणीने.

पण भक्तीने वाचलेले पुस्तकही डोळे उघडे ठेवून वाचावे. या खेपेला मला तीन गोष्टी दिसल्या. त्या आधी कधी दिसल्या नव्हत्या, किंवा मी पाहिल्या नव्हत्या.

पहिली गोष्ट अळणी भाजीची. आई भाजीत मीठ घालायला विसरते. वडील काही न बोलता जेवून उठतात. करणाऱ्या बाईचे मन दुखू नये म्हणून. आई स्वतः जेवायला बसते तेव्हा तिला कळते आणि वाईट वाटते. या गोष्टीवर मी पुष्कळदा बोललो आहे, आणि दर वेळी बायकांकडे पाहून बोललो: बघा, कशी बाई! वास्तविक त्या रात्रीचा दृष्टांत पुरुषांसाठी आहे. संयम पाळला तो वडिलांनी. तो धडा मी पुरुषांच्या बाजूला कधी वळवला नाही. पुस्तकाचे नाव ‘श्यामची आई’ असले तरी त्यात वडीलही आहेत. पावसातून चालत येणारे, कर्जाने वाकलेले, सावकाराच्या माणसाचा अपमान गिळणारे. आपण मात्र घर सांभाळण्याचे सगळे ओझे त्या माउलीच्या डोक्यावर देऊन मोकळे होतो. ती माउली शेवटी कष्टाने आणि आजाराने लवकर गेली, हेही पुस्तकातच लिहिलेले आहे. तिची आरती करायची आणि घरातल्या सुनेला तिचे उदाहरण देऊन राबवायचे, हा पुस्तकाचा अर्थ नव्हे.

दुसरी गोष्ट पोहण्याची. श्याम भिऊन लपतो, आई त्याला फोक मारत विहिरीकडे धाडते. मुलाला भित्रेपणातून सोडवण्याची तिची तळमळ खरी. पण या प्रसंगाच्या आधारावर लेकरांवर हात उचलणारे आईबाप मी पाहिले आहेत. इथे दुसऱ्या प्रकारच्या पुस्तकांनी माझे डोळे उघडले. गुजरातेत गिजुभाई बधेका यांनी मुलांना न मारता शिकवण्याचा रस्ता दाखवला. त्यांच्या सहकारी ताराबाई मोडक तो रस्ता बोर्डीला आणि पुढे अनुताई वाघांसोबत कोसबाडच्या टेकडीवर घेऊन आल्या. कोसबाड आज पालघर जिल्ह्यात आहे, पण २०१४ पर्यंत आपल्याच ठाणे जिल्ह्यात होते. शोभा भागवतांचे ‘आपली मुलं’, पुण्याहून १९८७ पासून निघणारे ‘पालकनीती’ मासिक, ही त्याच वाटेवरची मंडळी. त्यांचे सांगणे थोडक्यात असे, की मूल हा अर्धा माणूस नव्हे, पुरा माणूस आहे. त्याला धाक नको, सोबत हवी. ही पुस्तके रडवत नाहीत. भाषा कधी कधी शिकलेल्या घरांपुरती वाटते, आणि देवाचे नाव त्यांत फारसे येत नाही. पण आत्मा लहानमोठा नसतो असे आपण रोज बोलतो आणि घरात मात्र लहानाला गप्प बसवतो. ते न बोलता तसे वागायला सांगतात.

याचे मोल किती, ते बदलापूरकरांना सांगायला नको. ऑगस्ट २०२४ मध्ये शाळेतल्या दोन चिमुकल्यांवर अत्याचार झाल्याचे उघड झाले. २० तारखेला लोक रुळांवर उतरले, कित्येक तास गाड्या थांबल्या. त्या संतापाविषयी सगळे बोलले. मला आठवते ती त्याच्या आधीची गोष्ट: लेकरांनी घरी सांगितले आणि घराने ऐकले. ऐकले नसते तर? ‘मोठ्यांना उलट बोलू नये’ एवढेच ज्या घरात शिकवले जाते तिथले लेकरू काय आणि कसे सांगणार? मोठ्या माणसाला ‘नाही’ म्हणण्याचा लहानाचा हक्क ‘श्यामची आई’त नाही. माझ्या कीर्तनातही नव्हता. तो या नव्या पुस्तकांत आहे, आणि त्यासाठी ती प्रत्येक घरात जायला हवीत.

मग आपल्या परंपरेत तो नाहीच का? आहे; आपण सांगत नाही. ज्ञानोबा माउली जगाच्या बोलण्याने विटून झोपडीचे दार लावून बसली, तेव्हा ते दार उघडायला लावले धाकट्या मुक्ताईने. आईबाप गेलेल्या त्या घरात सर्वांत लहानीचे बोलणे थोरल्याने ऐकले. नाथ महाराजांचे तसेच. चरित्रकार सांगतात की मुलगा हरिपंडित बापाच्या वागण्यावर रुसून काशीला गेला. नाथांनी शाप दिला नाही, ‘माझ्या घरात माझेच चालेल’ असेही म्हणाले नाहीत. स्वतः गेले, मुलाच्या अटी मान्य केल्या आणि त्याला घेऊन आले. पुढे मुलाला बापाची थोरवी कळली, पण आधी वाकला तो बाप. पैठणच्या नाथांची ही गोष्ट मी तरुण बापांना सांगायला हवी होती. मी सांगत राहिलो ती पुंडलिकाची, तीही नेहमी मुलांनाच.

तिसरी गोष्ट मोळीवाल्या म्हातारीची. अस्पृश्य मानलेल्या जातीतली एक म्हातारी, तिची मोळी खाली पडलेली, उचलून द्यायला कोणी नाही. आई श्यामला सांगते, जा, तिला मोळी उचलून दे. मग येऊन आंघोळ कर. पूर्वी मला यात फक्त दया दिसायची. आज ती आंघोळही दिसते. आई तिच्या काळात जितकी पुढे जाऊ शकत होती तितकी गेली, आणि थांबली. पण तोच मुलगा १ मे १९४७ रोजी पंढरपुरात उपोषणाला बसला, पांडुरंगाचे दार सर्वांना उघडावे म्हणून. दहा दिवसांनी ते उघडले. तेव्हा आपल्या लोकांतही मतभेद होते, हे लपवू नये. आईने मोळीपर्यंत नेले, मुलगा गाभाऱ्यापर्यंत गेला, आणि त्याने आंघोळीची अट मागे टाकली. माझ्या मते संस्कार याचे नाव. लेकरू आपल्यासारखे झाले यात काय मोठे? आपण जिथे थांबलो त्याच्या पुढे ते गेले आणि तरी आईचे नाव घेऊन गेले, तर ते घर तरले.

आता माझा एक अपराध कबूल करतो; श्यामची शिकवणच ती आहे. तुकोबारायांच्या आख्यानात जिजाईला कजाग रंगवून मी वर्षानुवर्षे मंडप हसवला. अंबरनाथला एकदा कीर्तनानंतर कारखान्यातल्या एका कामगाराची बायको पुढे आली आणि शांतपणे म्हणाली, “बुवा, ती भांडली नसती तर पोरांनी काय खाल्ले असते?” मी हसून वेळ मारून नेली. दुष्काळ सोसलेल्या त्या घरात चूल पेटती ठेवणारी ती बाई डोंगरावर भाकरी घेऊन जात होती, हेही मीच सांगत असे. पण हशा मिळायचा तो भांडणाला. माझ्या घरीही चातुर्मासात मी गावोगाव आणि चूल सांभाळणारी एकटी. तिने तक्रार केली की मी म्हणायचो, “जिजाई झालीस का?” आता ती नाही. हे वाक्य मागे घ्यायला मला कोणते पुस्तक उपयोगी पडणार?

त्या तरुणाला मी निरोप पाठवला आहे. ‘श्यामची आई’ सोडू नकोस. पण ती बायकोला वाचायला देऊ नकोस, स्वतः वाच, आणि वडिलांच्या जागा खुणेने ठेव. दुसरे एखादे नवे पुस्तक घे, त्यातले ऐकण्याचे प्रकरण आधी वाच. आणि रविवारी रात्री हरिपाठ झाला की दिवा मालवण्याआधी लेकीला आपल्या लहानपणीची एक चूक सांग. नंतर तिला बोलू दे, मध्ये बोलू नकोस. बाकीच्या सहा रात्री आजी आहे. तिलाही सांगण्यासारखे पुष्कळ असेल. वर्षाच्या बावन्न रविवारांतून बेचाळीस रात्री सहज निघतात.

पुंडलिक वरदे हरि विठ्ठल.