नेपथ्यकाराची कीर्ती

दापोडीच्या एस. टी. कार्यशाळेत गाडीचा सांगाडा बांधणाऱ्या कारागिराचे नाव प्रवाशास ठाऊक नसते. चित्रपटातील गाव वा महाल उभारणाऱ्या कलादिग्दर्शकाची स्थितीही पुष्कळ अंशी तशीच असते. कै. नितीन चंद्रकांत देसाई (१९६५–२०२३) हे या नियमास ठळक अपवाद होत. म्हणूनच त्यांच्या कारकिर्दीचा विचार केवळ स्तुतीने उरकणे आम्हांस योग्य वाटत नाही.

‘तमस’ मालिकेच्या वेळी नितीश रॉय यांच्या हाताखाली देसाई यांनी उमेदवारी केली. पुढे ‘चाणक्य’ मालिकेसाठी त्यांनी प्राचीन मगध साकारले. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ व ‘देवदास’ या चार चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभले. पैकी शेवटच्या दोहोंची तुलना बोधप्रद आहे.

‘लगान’मधील (२००१) चंपानेर गाव कच्छच्या रखरखीत माळावर उभारले होते. त्यातील मातीच्या भिंती कोणी रचल्या, हा प्रश्न प्रेक्षकास पडतच नाही. पाऊस केव्हा येईल, एवढीच चिंता त्याला लागते. उलट ‘देवदास’मधील (२००२) रंगीत काचांचे पारोचे घर आणि पाण्याकाठचा चंद्रमुखीचा कोठा डोळे दिपवितात खरे, परंतु त्या झगमगाटात पारोचे दुःख परक्यासारखे वावरते. नेपथ्याने कथेस आधार द्यावा, तिची जागा बळकावू नये, असे आमचे मत आहे.

भव्यतेच्या याच ओढीने देसाई यांनी २००५ साली कर्जतजवळ एन. डी. स्टुडिओ उभारला. ‘जोधा अकबर’चे (२००८) महाल तेथेच बांधले गेले. परक्या जागेत चार दिवसांची वास्तू रचून ती मोडण्यापेक्षा कलावंतास स्वतःची भूमी असावी, ही आकांक्षा खचित हीन नव्हे. ‘प्रभात’चे साहेबमामा फत्तेलाल हेही कलाविभागाचे धुरीण असून कंपनीचे एक मालक होते. मात्र १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेल्या त्या संस्थेचा भार पाच भागीदारांनी वाहिला. देसाई यांच्या स्टुडिओचा डोलारा मुख्यतः एकाच माणसाच्या नावावर आणि कर्जावर उभा होता. २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच वास्तूत त्यांचा शोचनीय अंत झाला.

पडद्यावरील वैभवाची वाहवा करणाऱ्या चित्रसृष्टीने त्या वैभवाचा भार कोण वाहतो, याचाही विचार करावा. आणि नवोदित नेपथ्यकारांनी कर्जतच्या महालांपेक्षा चंपानेरच्या झोपड्यांचा अभ्यास अधिक बारकाईने करावा, अशी आमची त्यांना आग्रहाची सूचना आहे.