कास्टालियाला मातृभाषा नाही

हरमान हेसेची ‘काचमण्यांचा खेळ’ ही कादंबरी मी पहिल्यांदा विद्यार्थिदशेत वाचली, रिचर्ड आणि क्लारा विन्स्टन यांच्या १९६९च्या इंग्रजी भाषांतरातून. तेव्हा मला तिच्यातल्या अकादमीत प्रवेश हवा होता. कास्टालिया हा भविष्यकाळातला एक प्रांत. निवडक मुले तिथे लहानपणीच आणली जातात आणि पैसा, संसार, राजकारण यांपासून दूर, संगीत, गणित आणि जुन्या भाषांच्या सहवासात आयुष्य काढतात. गेल्या पावसाळ्यात, पणजोबांच्या पेटीतले मोडी कागद स्कॅन करून घेत असताना, ती पुन्हा वाचली. या खेपेला त्या प्रांतात जीव गुदमरला. असे का झाले, ते शोधावे म्हणून हा लेख.

कादंबरी १९४३ साली झुरिकला निघाली. जर्मनीत छापायला नाझी राजवटीने परवानगी दिली नव्हती. चहूकडे भाषेची नासाडी चाललेली असताना एखाद्या लेखकाने चिन्हे सांभाळणारा मठ कल्पावा, हे समजण्यासारखे आहे. या मठाचा मुख्य विधी म्हणजे मण्यांचा खेळ. काल्व गावचा बास्टियान पेरो चौकटीत तारा ताणून त्यांत काचेचे मणी ओवतो आणि मण्यांनी स्वर मांडतो. (काल्व हे हेसेचे जन्मगाव, तिथल्या पेरो यांच्या मनोऱ्यांवरच्या घड्याळांच्या कारखान्यात तो पोरवयात उमेदवारी करत होता.) पुढे मणी जातात आणि चिन्हलिपी उरते. बाखच्या फ्यूगमधला विषय, ग्रहांची एखादी स्थिती, उपनिषदातले एखादे वाक्य, सगळे एकाच लिपीत शेजारी शेजारी बसते.

या लिपीतले एकही चिन्ह हेसे आपल्याला दाखवत नाही. पाचशेहून अधिक पानांत एकही डाव मांडून दाखवलेला नाही. ही लेखकाची पळवाट आहे, असे मला बरीच वर्षे वाटत असे. आता वाटते की दाखवण्यासारखे तिथे काही नव्हते आणि हेसेला ते ठाऊक होते. कास्टालियात नवी रचना करणे शिष्टसंमत नाही. तिथे जुन्या संगीताचे विश्लेषण होते, नवे संगीत कुणी रचत नाही. मुलांनी कविता करणेही वर्ज्य. नायक योझेफ क्नेख्त त्या चोरून लिहितो. आधीच्या काळाला हे लोक लेखमालांचे युग म्हणून हिणवतात, कारण तेव्हाची नियतकालिके रोसिनीच्या आवडत्या पदार्थांसारख्या विषयांवर लेख छापत. (दिवाळी अंकासाठी लिहिताना ते प्रकरण वाचू नये.) पण त्या वाचाळ युगाला निदान बोलायला तोंड होते.

कास्टालियात स्त्रिया नाहीत. अभ्यासक हे सांगून पुढे जातात. मला सगळा प्रश्न इथेच दिसतो. ज्या भाषेत कुणी मुलाला जेवायला हाक मारत नाही, ती किती काटेकोर असली तरी तिला पुढची पिढी नाही. दर पिढीत बाहेरून मुले आणावी लागतात, आणि ती येतात आपापल्या आयांची भाषा घेऊन.

हेसेच्या घरातच याच्या उलट उदाहरण होते. त्याचे आजोबा, आईचे वडील, हरमान गुंडर्ट. बासल मिशनचे हे गृहस्थ मलबारात तलश्शेरीला राहिले. त्यांनी मल्याळम व्याकरण लिहिले आणि मंगळूरच्या मिशन छापखान्यातून १८७२ साली मल्याळम-इंग्रजी कोश काढला. आपल्याकडे मोल्सवर्थने केले तसेच हे काम: परक्या माणसाने धर्मप्रसाराच्या किंवा राज्यकारभाराच्या ओढीने सुरू केलेले आणि लोकांच्या तोंडच्या शब्दांमुळे मूळ हेतूपेक्षा मोठे झालेले. हेसेची आई मारी १८४२ साली तलश्शेरीतच जन्मली. तो स्वतः १९११ साली पूर्वेच्या प्रवासाला निघाला, सिलोन आणि सुमात्रा पाहून परतला; मलबारला पोहोचलाच नाही.

कादंबरीचा खरा ऐवज मला शेवटी जोडलेल्या तीन ‘चरित्रां’त सापडतो. कास्टालियातल्या विद्यार्थ्यांना एक स्वाध्याय असतो: दुसऱ्या युगात, दुसऱ्या देशात आपण जन्मलो असतो तर कसे जगलो असतो, ते आत्मचरित्र म्हणून लिहायचे. क्नेख्तने लिहिलेले पहिले चरित्र हजारो वर्षांपूर्वीच्या वस्तीत घडते, आणि तिथे सत्ता स्त्रियांची आहे. पर्जन्यवेत्ता तुरू आपली विद्या क्नेख्तला देतो. क्नेख्त तुरूच्या मुलीशी लग्न करतो, आजोबांचेच नाव ठेवलेल्या मुलाला ती विद्या शिकवतो. ना लिपी, ना दप्तरखाना. अकादमीने वगळलेले सारे, म्हणजे आई, लग्न, मूल, तिच्या एका विद्यार्थ्याने तिच्याच गृहपाठात भरून ठेवले आहे.

दुसऱ्या चरित्राचा नायक गाझाचा तपस्वी योझेफुस फामुलुस. तिसऱ्याचा दास. जर्मनमध्ये क्नेख्त म्हणजे चाकर, लॅटिनमध्ये फामुलुस म्हणजे सेवक. तिन्ही जगांत टिकलेले चिन्ह एवढे एकच, आणि ते टिकले भाषांतरातून; ध्वनी पार बदलला, माणसाचे नाते तेवढे राहिले. रामदास, नरहरिदास अशी नावे सहज उच्चारणाऱ्या मराठी वाचकाला इथे टीपेची गरज नाही.

त्या भारतीय चरित्रात आपल्याला अडखळायलाही होते. दासाचा बाप गंगाकाठचा राजा रावण, बायको प्रवती. पार्वतीची ही मोडतोड पाहून मी पहिल्यांदा हसलो होतो. पण पुढे योगी दासाला तुंबा देऊन झऱ्यावर पाणी आणायला पाठवतो. दास राज्य भोगतो, युद्धात मुलगा गमावतो, कैदेत पडतो, आणि शुद्धीवर येतो तो हातात पाणी घेऊन झऱ्याकाठीच. कीर्तनातल्या नारदाची गोष्ट ज्याने ऐकली आहे त्याला पुढचे सांगावे लागत नाही. नावे चुकली, गोष्ट मात्र काल्वपर्यंत धडधाकट पोहोचली.

हेसेवर माझा आक्षेप उरतोच. क्नेख्त खेळाचे सर्वोच्च पद सोडतो, एका मुलाला शिकवायला बाहेरच्या जगात येतो, आणि काही दिवसांतच थंड सरोवरात त्या मुलामागे पोहताना बुडतो. मृत्यू सुंदर लिहिला आहे, पण सोयीचाही आहे. कास्टालियाची चिन्हे टीटोसारख्या हूड पोराला समजतील अशा भाषेत कशी सांगायची, हा खरा अवघड धडा लेखकाला लिहावाच लागला नाही.

माझ्या पेटीतले एकशे बारा कागद आता तीन ठिकाणी साठवलेले आहेत. दर रविवारी शेजारच्या निवृत्त तलाठीकाकांकडे एकेक घेऊन बसतो. आतापर्यंत चार लागले: दोन तुपाचे हिशेब, एक म्हशीची पावती, आणि चौथ्यात पणजोबांच्या बहिणीने माहेरी बोलावले नाही म्हणून केलेली तक्रार. तिचे नाव घरात कुणाला माहीत नव्हते.